रोंगेलाप: मीटरने मोजले ते आणि सुटले ते

१ मार्च १९५४ रोजी सकाळी ६ वाजून ४५ मिनिटांनी अमेरिकेने मार्शल बेटांतील बिकिनी कंकणद्वीपावर ‘ब्राव्हो’ या हायड्रोजन बॉम्बची चाचणी घेतली. बिकिनीच्या पूर्वेला दीडशे किलोमीटरहून अधिक अंतरावर रोंगेलाप हे दुसरे कंकणद्वीप, म्हणजे खाजणाभोवती कड्यासारखी पसरलेली प्रवाळ बेटे, आहे. त्या सकाळी रोंगेलापच्या मुख्य बेटावर ६४ माणसे होती. त्यांच्यापैकीच आणखी १८ जण शेजारच्या ऐलिंगिनाए कंकणद्वीपावर गेलेले होते. रोंगेरिकवर २८ अमेरिकी सैनिक हवामान केंद्र सांभाळत होते आणि बऱ्याच लांब उटिरिकवर १५७ लोक राहत होते.

१९४६ ते १९५८ या काळात अमेरिकेने मार्शल बेटांच्या परिसरात ६७ अणुचाचण्या केल्या. या लेखासाठी रोंगेलापच निवडण्याचे कारण असे की, तिथल्या त्याच त्या माणसांची वैद्यकीय तपासणी पुढे अनेक दशके होत राहिली. इतकी सलग नोंद दुसऱ्या कुठल्याही चाचणीबाधित वस्तीची क्वचितच सापडेल. ती वाचताना एक गोष्ट पुन्हा पुन्हा खटकते. उपकरणे बहुतेक वेळा बरोबर चालली, आकडेही बरेचसे बरोबर आले, पण मोजायला हवे होते ते वेगळेच होते.

स्फोट अडीचपट का झाला

अंदाज सुमारे ६ मेगाटनांचा होता, स्फोट १५ मेगाटनांचा झाला (मेगाटन म्हणजे दहा लाख टन टीएनटी स्फोटकाएवढी ताकद, किलोटन त्याचा हजारावा भाग). बॉम्बमध्ये इंधन म्हणून लिथियम ड्यूटेराइड वापरले होते. त्यातल्या लिथियमपैकी ४० टक्के लिथियम-६ होते आणि उरलेले लिथियम-७. लिथियम-६ न्यूट्रॉन शोषून ट्रिटियम, म्हणजे इंधन म्हणून उपयोगी पडणारा जड हायड्रोजन, देते, हे ठाऊक होते. लिथियम-७ नुसते पडून राहील असे गृहीत धरले होते. प्रत्यक्षात वेगवान न्यूट्रॉन आदळल्यावर तेही फुटते. त्यातून ट्रिटियम आणि हेलियम मिळते, शिवाय एक न्यूट्रॉन शिल्लक राहतो. म्हणजे संमीलनाला (हलकी अणुकेंद्रके जुळण्याला) जादा इंधन मिळाले आणि बाहेरच्या नैसर्गिक युरेनियमच्या आवरणाला जादा न्यूट्रॉन. १५ मेगाटनांपैकी साधारण १० मेगाटन या युरेनियमच्या विखंडनातून (अणुकेंद्रके फुटण्यातून) आले. लोकांच्या दृष्टीने खरा घातक आकडा हाच, कारण आयोडीन, सीझियम, स्ट्रॉन्शियम ही सगळी विखंडनाची अपत्ये.

दुसरी बाब स्फोटाच्या जागेची. बॉम्ब प्रवाळाच्या खडकावर, जवळजवळ समुद्रसपाटीलाच फोडला. सुमारे दोन किलोमीटर रुंद खड्डा पडला आणि तिथले प्रवाळ भाजून चुन्याची भुकटी झाली. विखंडनातले पदार्थ या जड कणांवर चिकटून बसले. उंच हवेतल्या स्फोटात ते इतके बारीक राहतात की जगभर विखुरतात आणि सावकाश खाली येतात. इथे मात्र कण जड असल्याने काही तासांतच, वाऱ्याच्या वाटेवर पडले.

वाऱ्याचे काय? आदल्या रात्रीच्या हवामान आढाव्यात काही उंचीवरचे वारे पूर्वेकडे, वस्ती असलेल्या कंकणद्वीपांच्या दिशेने वळत असल्याचे दिसले होते. तरीही चाचणी ठरल्या वेळी झाली. सगळा दोष लिथियमवर टाकण्याची पद्धत आहे, ती आम्हाला पटत नाही. बॉम्ब ६ मेगाटनांचा ठरला असता तरी राख त्याच दिशेने गेली असती. १९४६ मध्ये बिकिनीवर सुमारे २३ किलोटनांचे दोन बॉम्ब फोडले, तेव्हा खबरदारी म्हणून रोंगेलापच्या लोकांना ला-ए या कंकणद्वीपावर हलवले होते. १९५४ मध्ये त्याच्या साडेसहाशेपट मोठा स्फोट झाला आणि एकालाही हलवले नव्हते.

पहिले पन्नास तास

स्फोटानंतर चार ते सहा तासांनी रोंगेलापवर पांढरी भुकटी पडू लागली. ती घामेजल्या अंगावर आणि खोबरेल लावलेल्या केसांत चिकटली, पिण्याच्या पाण्याच्या साठ्यात आणि उघड्यावरच्या अन्नात मिसळली. मुले तिच्यात खेळली. त्याच दिवशी अंगाला खाज सुटली, डोळे चुरचुरू लागले. पहिल्या दोन दिवसांत जवळपास दोनतृतीयांश लोकांना मळमळ झाली. इतक्या लवकर इतक्यांना मळमळणे हे किरणोत्सर्गाची मोठी मात्रा लागल्याचे लक्षण असते.

रोंगेरिकवरच्या स्वयंचलित मापकाची मर्यादा ताशी १०० मिलिरोंटजेन होती (रोंटजेन हे किरणोत्सर्गाचे एकक, मिलिरोंटजेन त्याचा हजारावा भाग). काटा तिथे जाऊन टेकला. मर्यादेला टेकलेला काटा ‘किमान एवढे’ इतकेच सांगतो, खरा आकडा त्याच्या दुप्पट आहे की शंभरपट ते नाही. २ मार्चच्या दुपारी दोघेजण मीटर घेऊन सागरी विमानाने रोंगेलापला उतरले. त्यांना ताशी सुमारे १.४ रोंटजेन वाचन मिळाले. साठवलेले पाणी पिऊ नका असे सांगून थोड्याच वेळात ते परतले. रोंगेरिकच्या सैनिकांना स्फोटानंतर २८ ते ३४ तासांत बाहेर काढले गेले. रोंगेलापकरांना ३ मार्चच्या सकाळी ‘फिलिप’ या विनाशिकेने आणि विमानाने क्वाजालीनला नेले, म्हणजे स्फोटानंतर सुमारे पन्नास तासांनी.

या पन्नास तासांचा हिशेब करून पाहण्यासारखा आहे. ताज्या किरणोत्सारी धुळीची तीव्रता वेळेच्या उणे १.२ घाताने घटते. ढोबळ नियम असा की वेळ सातपट झाली की तीव्रता एकदशांश होते. धूळ पाचव्या तासाला पडली आणि माणसे पन्नासाव्या तासाला निघाली असे धरू. त्या काळातल्या एकूण बाह्य मात्रेपैकी जवळजवळ तीनचतुर्थांश मात्रा २४ व्या तासापर्यंतच लागलेली असते. बाराव्या तासाला बाहेर काढले असते, तर निम्म्याहून अधिक टळली असती. रोंगेलापची बाह्य मात्रा त्या वेळी १७५ रॅड अशी काढली गेली (रॅड हे शरीराने शोषलेल्या किरणोत्सर्गाचे एकक, इथे साधारण रोंटजेनएवढेच). हा आकडा सूत्रात घातला, तर पाचव्या तासाला तीव्रता ताशी १९ रोंटजेनच्या आसपास येते आणि पन्नासाव्या तासाला ताशी १.२ च्या आसपास. दोन तारखेच्या दुपारच्या वाचनाशी हे बऱ्यापैकी जुळते. मीटरवाले पोहोचले तेव्हा मोठा घास घेऊन झालेला होता.

नुसते आंघोळ करून दार लावून बसले असते तर? त्वचेचे भाजणे नक्की कमी झाले असते, कारण ते बीटा किरणांमुळे होते आणि बीटा किरण भुकटी अंगाला चिकटून राहिली तरच खोल इजा करतात. गॅमा किरणांना गवती छप्पर अडवत नाही. थायरॉइडसाठी पोटॅशियम आयोडाइडची गोळी असते. प्रौढाला १३० मिलिग्रॅम, तीन ते बारा वर्षांच्या मुलाला त्याच्या निम्मी. मात्र ती किरणोत्सारी आयोडीन शरीरात जाण्याआधी किंवा नंतरच्या काही तासांत घ्यावी लागते. पन्नासाव्या तासाला तिचा उपयोग नगण्य.

दोन आठवड्यांनी मानेवर, डोक्यावर आणि पायांच्या वरच्या बाजूला भाजल्यासारखे चट्टे उठले. केस पुंजक्यांनी गळले. पांढऱ्या पेशी आणि प्लेटलेट यांची संख्या घसरली. तोवर ‘प्रकल्प ४.१’ या नावाने या लोकांचा अभ्यास सुरू झाला होता. उपचार आणि संशोधन एकाच हाताने, लोकांची संमती न घेता. चट्टे भरले, केस पुन्हा आले, पहिल्या वर्षी किरणोत्सर्गाने कुणी दगावले नाही. त्यामुळे प्रकरण निभावले असा समज झाला.

जगाला बातमी कळली ती दुसऱ्याच वाटेने. ‘दाइगो फुकुर्यू मारू’ ही जपानी मासेमारी बोट त्याच राखेत सापडली होती. २३ खलाशी १४ मार्चला याइझू बंदरात परतले आणि त्यांच्यातले बिनतारी यंत्रचालक आइकिची कुबोयामा २३ सप्टेंबरला वारले. २ एप्रिलला नेहरूंनी लोकसभेत चाचण्या थांबवण्याची मागणी केली, ती याच पार्श्वभूमीवर.

गळ्यातली दोन ग्रॅमची ग्रंथी

१७५ रॅड हा आकडा बाहेरून लागलेल्या गॅमा किरणांचा. आत गेलेल्या आयोडीनचा अंदाज काढण्यासाठी सुमारे दोन आठवड्यांनी अनेकांची लघवी एकत्र करून तिच्यातले आयोडीन-१३१ मोजले गेले. याचे अर्धायुष्य, म्हणजे निम्मे विरायला लागणारा काळ, ८ दिवसांचे, त्यामुळे तोवर ते सापडत होते. गोम अशी की, ताज्या धुळीत आयोडीन-१३३ आणि आयोडीन-१३५ हेही असतात. एकाचे अर्धायुष्य २१ तास, दुसऱ्याचे साडेसहा तासांच्या आसपास. टेल्युरियम-१३२ पासून सतत तयार होणारे आयोडीन-१३२ वेगळेच. नमुना घेईपर्यंत हे सगळे विरून गेले होते. पण राख पडल्यावर काही तासांतच दूषित अन्नपाणी पोटात गेलेल्या माणसाच्या थायरॉइडला बसलेली बहुतेक मात्रा याच अल्पायुषी आयोडीनची होती.

दुसरी चूक वयाची. प्रौढाची थायरॉइड सुमारे २० ग्रॅमची असते, वर्षाच्या मुलाची दोन ग्रॅमच्या आसपास. तेवढेच आयोडीन दोघांच्या ग्रंथीत गेले, तर मुलाच्या ग्रंथीला दर ग्रॅममागे जवळपास दहापट मात्रा बसते. सुरुवातीचे अंदाज प्रौढांचेच होते. मुलांचा वेगळा हिशेब १९६४ मध्ये, पहिली गाठ सापडल्यावर झाला. १९८५ च्या फेरगणनेत वर्षाच्या मुलाच्या थायरॉइडची मात्रा ५,००० रॅड, म्हणजे ५० ग्रे, इतकी निघाली. २०१० मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेच्या गणनेत रोंगेलापच्या प्रौढांसाठी सुमारे ७.६ ग्रे हा आकडा आला. दोन्ही गणनांत फरक आहेत, पण दोन्ही पहिल्या अंदाजाच्या कितीतरी वर आहेत.

शरीराने आपला हिशेब दिला तो १९६३ मध्ये. एका बारा वर्षांच्या मुलीच्या थायरॉइडमध्ये गाठ आढळली. पुढच्या दहाएक वर्षांत, राख पडली तेव्हा दहा वर्षांखाली असलेल्या रोंगेलापच्या बहुतेक मुलांच्या थायरॉइडमध्ये गाठी झाल्या. काही मुलांची वाढ खुंटली होती आणि दोन मुलग्यांची ग्रंथी जवळपास सुकून गेली होती. मग हे आधी का कळले नाही? तेव्हा थायरॉइडचे काम तपासायला रक्तातले प्रथिनबद्ध आयोडीन मोजत. मार्शल बेटांवरच्या लोकांच्या रक्तात हार्मोन नसलेले एक आयोडीनयुक्त प्रथिन मुळातच जास्त असते. त्यामुळे हार्मोन कमी पडत असूनही अहवाल ‘सामान्य’ येत राहिला. मूल समोर बुटके राहते आहे आणि कागद सांगतो की सगळे ठीक आहे, अशी ती स्थिती होती. १९६५ पासून थायरॉइड हार्मोनच्या गोळ्या सुरू झाल्या. ग्रंथी काढलेल्या माणसाला ही गोळी आयुष्यभर रोज लागते आणि जहाज कधीतरीच येणाऱ्या बेटावर तिचा पुरवठा ठेवणे हे स्वतंत्र काम असते.

रोंगेलापचे प्रमुख जॉन अंजाइन यांचा मुलगा राख पडली तेव्हा वर्षाचा होता. १९७२ मध्ये तो ल्युकेमियाने गेला. पहिल्या चार वर्षांत बाधित स्त्रियांमध्ये गर्भपात आणि मृतजन्म यांचे प्रमाण तुलना-गटाच्या दुपटीहून अधिक होते. संख्या लहान असल्याने संशोधकांनी त्यावरून ठाम निष्कर्ष काढला नाही. बायकांनी मात्र हाडे नसलेल्या, आकार नसलेल्या बाळांबद्दल वर्षानुवर्षे सांगितले आहे.

तुलना-गटाबद्दलही थोडे सांगायला हवे. ‘अबाधित’ म्हणून ज्यांच्याशी तुलना झाली, ते बहुतेक १९५४ साली बाहेरगावी असलेले रोंगेलापकरच होते. १९५७ नंतर तेही त्याच बेटावर राहायला आले, तेच नारळ खाऊ लागले. अशा तुलनेत फरक दिसला तरी तो खऱ्याहून कमीच दिसतो. उटिरिकला तर १४ रॅड ही किरकोळ मात्रा समजून लोकांना काही महिन्यांतच परत पाठवले होते. गाठी तिथेही निघाल्या, फक्त उशिरा. १९८७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत अबाधित मानलेल्या इतर कंकणद्वीपांवरही थायरॉइडच्या गाठी आढळल्या. बिकिनीपासून जसजसे दूर जावे तसतसे त्यांचे प्रमाण घटत होते.

परतणे आणि नारळ

रोंगेलापकर तीन वर्षे माजुरोच्या एजित बेटावर राहिले. जून १९५७ मध्ये अमेरिकेच्या अणुऊर्जा आयोगाने बेट राहण्यायोग्य ठरवून त्यांना परत नेले. बाह्य किरणोत्सर्ग खरोखरच पुष्कळ उतरला होता. पण या लोकांची तपासणी करणाऱ्या अमेरिकेच्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेच्या तपासण्यांत परतलेल्यांच्या शरीरातील सीझियम-१३७ वाढताना दिसू लागले. त्याच प्रयोगशाळेच्या अहवालात या लोकांच्या बेटावरील वास्तव्यातून मानवी किरणोत्सर्गाची फार मोलाची माहिती मिळेल, असेही लिहिले आहे.

सीझियम अन्नात एवढे का उतरले, याचे उत्तर मातीत आहे. खंडांवरच्या बहुतेक जमिनींत चिकणमातीची खनिजे असतात आणि त्यांच्या थरांमध्ये सीझियम अडकून बसते, मुळांना सहज मिळत नाही. कंकणद्वीपाची माती म्हणजे प्रवाळाचा चुरा आणि वर कुजलेल्या पानांचा पातळ थर. चिकणमाती जवळपास नाहीच. त्यात पोटॅशियमही अत्यल्प. झाडाला सीझियम हे पोटॅशियमसारखेच भासते, आणि उपाशी झाड मिळेल ते उचलते. शहाळ्याचे पाणी, खोबरे, नीरफणस, केवड्याची फळे या सगळ्यांत ते उतरते. म्हणून खंडांवरच्या मातीवरून बसवलेले गुणोत्तर इथे लावले की उत्तर चुकते.

याचा दुसरा दाखला बिकिनीचा. १९६८ मध्ये बिकिनी सुरक्षित असल्याचे जाहीर झाले, कुटुंबे परतली, नवे नारळ लावले गेले. झाडे फळाला आली, शरीरातले सीझियम चढले आणि १९७८ मध्ये सगळ्यांना पुन्हा बेट सोडावे लागले.

नारळखेकड्याचे उदाहरण आणखी बारकाईचे. हा खेकडा कात टाकतो तेव्हा जुने कवच स्वतःच खातो, त्यामुळे कॅल्शियमबरोबर स्ट्रॉन्शियम-९० त्याच्या शरीरात फिरत राहते. रोंगेलापकरांना तो खाऊ नका असे सांगण्यात आले. पण आवडीचे, फुकट मिळणारे आणि वादळानंतर हमखास सापडणारे अन्न एका सूचनेने बंद होत नाही.

खरी अडचण उत्तरेकडच्या बेटांची होती. गाव कंकणद्वीपाच्या दक्षिणेला आहे, तिथे राख तुलनेने कमी पडली. उत्तरेची बेटे राखेच्या पट्ट्याच्या मध्याजवळ आली. माणसे झोपतात दक्षिणेला; खेकडे, पक्ष्यांची अंडी, नारळ गोळा करायला जातात उत्तरेला. गावातल्या मातीवरून काढलेली मात्रा या माणसांची नव्हतीच. १९७८ च्या हवाई सर्वेक्षणात हा फरक स्पष्ट झाला आणि १९८२ मध्ये ती माहिती मार्शली भाषेतील पुस्तिकेतून लोकांच्या हाती आली. आपल्या कंकणद्वीपाचा काही भाग बिकिनीच्याच रांगेत दाखवलेला त्यांनी पाहिला. सरकारकडून स्थलांतराची सोय झाली नाही, तेव्हा मार्शल बेटांच्या संसदेतले रोंगेलापचे सिनेटर जेटन अंजाइन यांनी ग्रीनपीस या पर्यावरणवादी संघटनेला गळ घातली. मे १९८५ मध्ये तिच्या ‘रेनबो वॉरियर’ या जहाजाने अनेक फेऱ्या करून तीनशेहून अधिक माणसे, घरांचे लाकूड आणि पत्रे यांसह क्वाजालीनच्या मेजातो बेटावर पोहोचवली. मेजातो लहान होते आणि तिथे अन्नही कमी पडत असे. सुटका झाली, पण उपजीविका गेली.

साफसफाईचे गणित

१९९० च्या दशकात परतीच्या अटी ठरल्या. पूर्णपणे स्थानिक अन्न खाणाऱ्या माणसालाही नैसर्गिक पातळीच्या वर वर्षाला १ मिलिसिव्हर्टपेक्षा (१०० मिलिरेमपेक्षा) अधिक मात्रा लागू नये, आणि मातीतील प्लुटोनियम व तत्सम मूलद्रव्ये दर ग्रॅमला १७ पिकोक्युरीच्या आत असावीत. ‘पूर्णपणे स्थानिक अन्न’ हे शब्द रोंगेलापकरांनी लावून धरले. आयात तांदूळ आणि डबाबंद मासे गृहीत धरले की कागदावरची मात्रा आपोआप उतरते, हे ते अनुभवातून शिकले होते.

१९९६ मध्ये अमेरिकेने पुनर्वसनासाठी ४.५ कोटी डॉलर दिले. सगळी वरची माती काढून टाकणे हा उपाय ऐकायला सोपा आहे. सीझियम साधारण वरच्या ४० सेंटिमीटरमध्ये असते. पण बेटाची सगळी सुपीकताही तिथेच असते. माती काढायची तर झाडेही जातात, आणि नवा थर तयार व्हायला पिढ्या लागतात. म्हणून दोन उपायांची जोड ठरली. घरांभोवती वरची माती काढून प्रवाळाची स्वच्छ खडी पसरायची, कारण तिथे धूळ उडते आणि लहान मुलांच्या तोंडात जाते. बागांत मात्र माती राखून पोटॅशियम क्लोराइडचे खत टाकायचे. अमेरिकेच्या लॉरेन्स लिव्हरमोर प्रयोगशाळेच्या बिकिनीवरील प्रयोगांत हेक्टरी एक ते दोन हजार किलो पोटॅशियम दिल्यावर नारळातील सीझियम मूळच्या सुमारे दशांशावर आले. झाडाचे पोट भरले की ते सीझियम उचलत नाही. खताने पीकही सुधारते, हा वरचा फायदा.

यात चुकते कुठे? खताचा परिणाम काही वर्षे टिकतो, कायम नाही. पुन्हा टाकावे लागते आणि ते जहाजानेच येते. ते स्ट्रॉन्शियम आणि प्लुटोनियमला हात लावत नाही. प्लुटोनियम-२३९ चे अर्धायुष्य २४,१०० वर्षे आहे, पण ते मुळांवाटे फारसे चढत नाही. त्याचा धोका धुळीतून आहे. सीझियमचे भौतिक अर्धायुष्य ३० वर्षे असले, तरी पावसाने ते झिरपून भूजलात जाते, त्यामुळे या बेटांवरचे प्रत्यक्ष अर्धायुष्य साडेआठ-नऊ वर्षांच्या आसपास निघते. ही खरोखर चांगली बातमी आहे. उत्तरेची बेटे मात्र या साफसफाईत आलीच नाहीत.

भरपाईचा हिशेब त्याहून विषम. अमेरिका आणि मार्शल बेटे यांच्यातील मुक्त सहयोग करारातून १५ कोटी डॉलरचा निधी उभा राहिला आणि १९८८ मध्ये आण्विक दावे न्यायाधिकरण स्थापन झाले. न्यायाधिकरणाने आजारांची यादी ठरवली. चाचण्यांच्या काळात मार्शल बेटांवर राहिलेल्या कुणालाही त्यांतला आजार झाला, तर मात्रेचा पुरावा मागितला जात नसे. मात्रेच्या नोंदींची वर सांगितलेली अवस्था पाहता हा निर्णय शहाणपणाचा होता. २००७ मध्ये एकट्या रोंगेलापला १ अब्ज डॉलरहून अधिक रक्कम मंजूर झाली. सगळ्या देशासाठीचा निधीच १५ कोटींचा असल्याने ती बहुतांशी कागदावर राहिली.

२०१० च्या त्याच कर्करोग-गणनेनुसार चाचणीकाळातील सुमारे २५,००० मार्शल बेटवासीयांमध्ये धुळीमुळे होणारे जादा कर्करोग १७० च्या आसपास, एकूण कर्करोगांच्या दोन टक्क्यांहून कमी. रोंगेलाप आणि ऐलिंगिनाएच्या ८२ जणांत मात्र निम्म्याहून अधिक, सुमारे ५५ टक्के, कर्करोग धुळीमुळे. एकच गणना, दोन उत्तरे. कुठला भाजक घेतला यावर कुणाचे नुकसान दिसेल ते ठरते.

मुख्य बेटावर आता घरे, चर्च, धावपट्टी आणि शरीरातील सीझियम मोजणारे यंत्र आहे. परतलेले लोक थोडे आहेत. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या कोलंबिया विद्यापीठाच्या मोजमापांत उत्तरेच्या नाएन बेटावरचा गॅमा किरणोत्सर्ग वार्षिक १०० मिलिरेमच्या ठरलेल्या मर्यादेच्या वर आढळला. गावातले आकडे त्या मर्यादेत बसतात. नाएनवर वर्षातले किती दिवस जायचे, तिथला कुठला खेकडा खायचा, तिथल्या नारळाचे खोबरे विकायचे की घरी आणायचे, हे ठरल्याशिवाय रोंगेलापच्या माणसाची खरी मात्रा कुठलेच यंत्र आधी सांगू शकत नाही. यंत्रात उभे राहिल्यावर कळते, पण तोवर ते खाऊन झालेले असते.